खाकीतला नकार: वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरे

इंग्रजी अमलातले पोलीस आणि त्यांच्यातून उभा राहिलेला विरोध, या विषयावर चित्रपट किंवा लघुपट करू पाहणाऱ्या किनारपट्टीवरच्या मंडळींची बरीच पत्रे आली आहेत. सारखे प्रश्न एकत्र करून उत्तरे देत आहोत.

‘आरआरआर’ चित्रपटातला राम इंग्रजांच्या पोलिसात अधिकारी आहे आणि मनातून बंडखोर. तो ज्यांच्यावरून बेतला ते आंध्रातले क्रांतिकारक अल्लुरी सीताराम राजू खरेच पोलिसात होते का? आम्हालाही कोकणातला असा नायक रचायचा आहे. — अलिबाग

नव्हते. प्रत्यक्षात उलटे आहे. 1922 च्या ऑगस्टमध्ये राजूंनी चिंतपल्ली, कृष्णदेवीपेट आणि राजवोम्मंगी इथल्या पोलीस ठाण्यांवर हल्ले करून बंदुका आणि काडतुसे नेली. त्यामागे जंगल कायद्याचा राग होता. 1882 च्या मद्रास जंगल कायद्याने डोंगरातल्या लोकांची फिरती शेती अडवली होती. 7 मे 1924 ला राजूंना गोळी घालून मारले. दुसरा नायक कोमाराम भीम यांचा लढा निजामाच्या राजवटीशी होता आणि 1940 मध्ये ते मारले गेले. दोघांची मैत्री ही चित्रपटाची कल्पना आहे, आणि चित्रपट ते लपवत नाही.

कल्पनेतला नायक रचायला हरकत नाही. पण खऱ्या हुतात्म्याचे नाव घेऊन त्याला न केलेली नोकरी देऊ नका. त्या माणसाची नातवंडे, पतवंडे आजही गावात असतात. नाव काल्पनिक ठेवा. काळ, कायदा, कपडे आणि समुद्र मात्र खरे ठेवा. आणि जंगलाचा धागा हवा असेल तर दूर कशाला जाता? तुमच्याच जिल्ह्यात, उरणजवळ चिरनेरला 25 सप्टेंबर 1930 रोजी जंगल सत्याग्रहावर गोळीबार झाला. आठ सत्याग्रही हुतात्मा झाले, आणि त्याच गोळीबारात मामलेदार जोशीही गेले. सरकारी माणूसच सरकारी गोळीबारात मरतो, या एका घटनेत एका चित्रपटाचे बीज आहे.

शिपायाचा विरोध दाखवायचा कसा? आमच्या संहितेत तो बंदूक फिरवून साहेबावर रोखतो. वाचणारे म्हणतात, हे नकली वाटते. — देवगड

वाचणाऱ्यांचे बरोबर आहे. शिपायाच्या हातातले सर्वांत मोठे हत्यार बंदूक नव्हते, नकार होते. तो नकार किती महाग पडे ते प्रेक्षकाला आधी कळले पाहिजे, म्हणजे मारामारीला वजन येते.

त्यासाठी कायदा नीट समजून घ्या. मुंबई इलाख्यातल्या जिल्हा पोलिसांना 1890 चा जिल्हा पोलीस कायदा लागू होता. संवादात सगळे 1861 चा कायदा म्हणतात, ते इथे चूक. नोकरी सोडायची तर वरिष्ठांची परवानगी किंवा मुदतीची नोटीस लागे. पट्टा टेबलावर टाकून शिपाई ताठ मानेने चालू लागला, तर तो मोकळा होत नसे. तो गुन्हेगार ठरे. त्याला चिथावणारा वेगळाच अडके. पोलिसांत अप्रीती पसरवण्याविरुद्ध 1922 मध्ये खास कायदा झाला होता आणि त्यात सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोनशे रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी शिक्षा होती. म्हणजे मिठाच्या सत्याग्रहात, शिरोड्याच्या मिठागरावर 1930 च्या मे महिन्यात एखादी बाई शिपायाला नुसते म्हणाली, “दादा, सोड ही नोकरी,” तरी ती गुन्हा करत होती. हा प्रसंग लिहा. दोघांनाही शिक्षा ठाऊक आहे, तरी ती बोलते आणि तो ऐकून घेतो. इथे ढोल वाजवायची गरज नाही.

गोळीबाराचा क्रमही पाळा. 1898 च्या फौजदारी प्रक्रिया कायद्याप्रमाणे जमाव पांगवण्याचा हुकूम मॅजिस्ट्रेट किंवा ठाण्याचा अंमलदार देई. मामलेदाराला मॅजिस्ट्रेटचे अधिकार असत, म्हणून तो जागेवर हजर असे. आधी ताकीद, मग लाठी, त्यानंतर गोळी. या प्रत्येक पायरीवर शिपायाला नकार देण्याची जागा आहे. ताकीद पुटपुटल्यासारखी देणे, लाठी जमिनीवर आपटून आवाज करणे, बंदूक डोक्यांच्या वर झाडणे, काडतूस भरायला वेळ लावणे. उघड नकार सर्वांत शेवटी आला तरच तो टोचतो. 23 एप्रिल 1930 ला पेशावरला चंद्रसिंग गढवाली आणि त्यांच्या साथीदारांनी निःशस्त्र जमावावर गोळी झाडायला नकार दिला. ते पोलीस नव्हते, लष्करी शिपाई होते. त्यांनी अधिकाऱ्यांवर बंदुका रोखल्या नाहीत, तरी चंद्रसिंगांना जन्मठेप झाली.

गावाकडचा पोलीस पाटीलही विसरू नका. 1867 च्या कायद्याने तो सरकारचा हस्तक होता आणि गावाचा माणूसही होता. 1930 मध्ये गुजरातेत अनेक गावच्या पाटलांनी राजीनामे दिले. पाटील आणि शिपाई हे मामा-भाचे किंवा व्याही-व्याही असले, तर अर्धी पटकथा तिथेच उभी राहते.

बोलीबद्दल एकच सांगतो. सावंतवाडीकडचा शिपाई “माका जमाचा नाय” म्हणेल, उरण-पेणचा आगरी “मना जमनार नाय” म्हणेल. वरिष्ठांपुढे दोघेही पुस्तकी मराठी बोलायचा प्रयत्न करतील आणि घाबरले की बोलीवर येतील. नकाराचे वाक्य बोलीत ठेवा.

गणवेश भाड्याने मिळतो तो आजच्या पोलिसांचा. त्यात काय बदल करावा? पायाच्या पट्ट्या सारख्या सुटतात. — रत्नागिरी

आजचा गणवेश बदलून चालवू नका. कापडावर मिश्र धाग्याची चकाकी असते, ती उन्हात कॅमेऱ्याला लगेच दिसते. बिल्ल्यांवर अशोकस्तंभ आणि महाराष्ट्र पोलिसांचे बोधवाक्य असते. 1930 च्या शिपायाच्या छातीवर ते दिसले की चित्रपट तिथेच संपला. सुती खाकी ड्रिलचे ठाण घ्या, शिवण्याआधी धुण्याच्या सोड्यात पाच-सहा वेळा धुऊन काढा, शिवून झाल्यावर कांजी करा. बटणे पितळी, अर्धी पँट ढगळ. आणि मुंबई शहर पोलीस खाकीत नसत. निळा डगला आणि पिवळी टोपी ही त्यांची ओळख होती. बोटीने मुंबईहून आलेला शिपाई दाखवणार असाल तर हा फरक कथेसाठी वापरता येईल.

आता पट्ट्या. मूळ पट्टी लोकरी, सुमारे 10 सेंटिमीटर रुंद आणि अडीच-पावणेतीन मीटर लांब. लोकरीला ताण असतो म्हणून ती पायाला धरून राहते. तुम्ही बहुधा साधे सुती कापड फाडून वापरता आहात. त्याला ताण नसतो, म्हणून दहा पावलांत ती घोट्यावर येते. सोपा उपाय औषधांच्या दुकानात आहे: 10 सेंटिमीटर रुंदीचे क्रेप बँडेज. प्रत्येक पायाला एक, खाकी रंगात बुडवून सावलीत वाळवलेले. बुटाच्या वरच्या कडेवरून सुरुवात करा. पायाच्या आतल्या बाजूकडून बाहेर गुंडाळत वर या आणि प्रत्येक वेढा आधीच्या वेढ्याचा अर्धा भाग झाकेल असे पाहा. पोटरी जाड होऊ लागते तिथे पट्टी एकदा उलटी दुमडा, नाहीतर वरची कड सैल राहते. गुडघ्याच्या दोन बोटे खाली थांबून नाडीने बांधा, टोक बाहेरच्या बाजूला. पायदळाची आणि पोलिसाची पट्टी अशी खालून वर जाते. घोडेस्वाराची वरून खाली येते. दर दोन तासांनी सोडून परत बांधा, नाहीतर पायाला मुंग्या येऊन नट धावताना अडखळतो. खाऱ्या पाण्यात भिजलेली पट्टी त्याच संध्याकाळी गोड्या पाण्यात काढा. घामाचे आणि समुद्राचे मीठ वाळले की खाकीवर पांढरे नकाशे उमटतात आणि पुढच्या दिवसाचा मेळ जातो.

बुटांचा तळवा कोणी पाहत नाही, पण पुळणीवर त्याचा ठसा दिसतो. रबरी तळव्याची नक्षी ओल्या वाळूत स्वच्छ उमटते. तळव्याला सपाट चामडे किंवा रेक्झिन चिकटवा.

बंदुका कोणत्या दाखवाव्यात? लाकडी केल्या तर खेळण्यासारख्या दिसतात. फटाक्याचा बार काढला तर चालेल का? — मालवण

शेवटचे आधी: नाही. फटाका नळीत घालणे, लोखंडी नळीत बार भरणे, हे काहीही करू नका. नळी फुटते आणि डोळा जातो. शिवाय शस्त्र कायद्याचा प्रश्न उभा राहतो.

1920 नंतरच्या पोलिसासाठी दोन बंदुका योग्य. एक ली-एनफील्ड .303, साधारण 113 सेंटिमीटर लांब आणि जवळपास चार किलो वजनाची, दहा गोळ्यांच्या पेटीची. दुसरी पोलिसांसाठी इशापूरच्या कारखान्यात बदललेली .410 मस्केट. दिसायला तीच, पण नळी आतून गुळगुळीत आणि एका वेळी एकच काडतूस. म्हणजे .410 हातात असलेला शिपाई धडाधड पाच बार काढू शकत नाही. ही अडचण समजू नका. प्रत्येक बारानंतर बोल्टचा दांडा उचलायचा, मागे ओढायचा, रिकामे काडतूस पडू द्यायचे, खिशात हात घालायचा, नवे भरायचे. ह्या चार-पाच सेकंदांत शिपायाच्या चेहऱ्यावर कॅमेरा ठेवा. चित्रपटाचा गाभा तिथेच आहे.

लाकडी बंदूक खेळणे वाटते ती रंगामुळे नाही, वजनामुळे. एक किलोची बंदूक नट काठीसारखी फिरवतो. शिवणीचे लाकूड घ्या, हलके आणि कोरायला मऊ. मग दस्त्यात आणि पुढच्या लाकडात भोके पाडून 12 मिलिमीटरची लोखंडी सळी घाला. ही सळी मीटरला सुमारे 890 ग्रॅम भरते, म्हणजे एकूण दोन मीटर घातलीत की पावणेदोन किलो वाढले. वजन दोन्ही टोकांना वाटा. सगळे दस्त्यात घातले तर नळी वर उचलली जाते आणि खांद्यावर धरल्यावर कळते. ली-एनफील्डची नळी जवळजवळ टोकापर्यंत लाकडात असते, म्हणून फक्त तोंडाशी ॲल्युमिनियमचा तुकडा पुरतो: पुढचे दोन सेंटिमीटर पोकळ, मागे भरीव. लाकडावर वार्निश नको, जवसाचे तेल तीन हात. अशा जड बंदुका जवळच्या दृश्यांसाठी दोन-तीन करा. धावपळ आणि हाणामारीसाठी त्याच मापाच्या फोमच्या वेगळ्या, आणि दोन्ही एकाच चौकटीत आणू नका.

बार संकलनात काढा. तोंडाशी ठिणगी एक किंवा दोन फ्रेम, त्याहून जास्त नाही. .303 मध्ये बिनधुराची दारू असे, त्यामुळे धूर विरळ. पांढऱ्या धुराचे लोट हवे असतील तर कथा एकोणिसाव्या शतकात न्या, काळ्या दारूच्या मार्टिनी-हेन्रीकडे. धुरासाठी पीठ किंवा टाल्कम पावडर उडवू नका. हवेत उडालेले पीठ ज्योतीजवळ पेट घेते. नटाने खांदा मागे नेण्याचा सराव करावा. धक्का दिसला नाही तर कितीही चांगली ठिणगी फुकट. आणि आवाज उशिरा पोचू द्या. शंभर मीटरवरून झाडलेल्या बंदुकीचा आवाज सुमारे 0.3 सेकंदाने येतो, म्हणजे 25 फ्रेमच्या चित्रणात सात फ्रेम मागे. होडीतून किनाऱ्यावरचा गोळीबार दिसतो तेव्हा हा उशीर अंगावर येतो.

लाठीमाराच्या तालमीत दोन मुलांना लागले. पंचवीस जणांचा जमाव आहे. — वेंगुर्ले

खरी बांबूची लाठी तालमीतून काढूनच टाका. 20 मिलिमीटरचा पातळ पीव्हीसी पाइप, त्यावर एसीच्या नळीला चढवतात ते काळे फोमचे आवरण, वर कापडी चिकटपट्टी आणि मातकट रंग. टोकाला फोम पाइपच्या पुढे तीन बोटे यायला हवा. बहुतेक इजा टोक टोचल्यानेच होते, फटक्याने नाही.

पंचवीस जण एकदम सोडू नका. तीन-तीनच्या तुकड्या पाडा: एक शिपाई, दोन सत्याग्रही. प्रत्येक तुकडीला चारच हालचाली द्या. आधी चालत, मोजत. दहा वेळा बिनचूक झाले की निम्म्या वेगाने. पूर्ण वेग फक्त कॅमेऱ्यासमोर. फटका शरीरापासून वीतभर लांबून जावा आणि कॅमेरा शिपायाच्या पाठीमागे किंचित बाजूला असावा, म्हणजे ते अंतर दिसत नाही. लांब पल्ल्याचे भिंग वापरलेत तर जमाव दाटही दिसतो. वेग कमी वाटला तर 25 ऐवजी 22 फ्रेमने चित्रण करा. त्याखाली गेलात तर माणसे बाहुल्यांसारखी हलतात. मार खाणाऱ्याने आधी दचकायचे नाही. तो आधी दचकला की प्रेक्षकाला तालीम दिसते. आणि सत्याग्रही हात वर करून वार अडवत नाही, हे लक्षात असू द्या. ते पडतात, उठतात, परत बसतात. मारामारीच्या चित्रपटाची सवय झालेल्या मुलांना हेच सर्वांत अवघड जाते, म्हणून तालमीचा निम्मा वेळ त्यावर घाला.

किनाऱ्यावरच्या मोठ्या दृश्याला तीन दिवस लागतील. भरतीची वेळ रोज बदलते, मेळ कसा राखायचा? — हर्णै

दर्यावर्दी लोकांचा ठोकताळा वापरा: तिथीची पाऊणपट म्हणजे भरतीची वेळ. चतुर्थीला तीनच्या सुमारास, अष्टमीला सहाला. ओहोटी त्यापुढे सहा तासांनी. भरती रोज सुमारे पन्नास मिनिटे पुढे सरकते. आता उलटा हिशेब करा. डिसेंबरात सूर्य सहाच्या सुमारास मावळतो. तुम्हाला तिरप्या उन्हात, म्हणजे साडेचारनंतर, मोकळी लांबरुंद पुळण हवी. म्हणजे भरती सकाळी साडेदहाला हवी, म्हणजे चतुर्दशी. पौर्णिमा-अमावास्येजवळ उधाण असल्याने ओहोटीही खोल जाते, पुळण जास्त उघडी पडते. त्रयोदशी, चतुर्दशी आणि पौर्णिमा असे तीन दिवस धरा आणि रोज पाऊण तास उशिरा सुरू करा. काही राहिले तर दुसऱ्या दिवशी घाई करू नका. पंधरा दिवसांनी पुढच्या पक्षातली तीच तिथी गाठा, पाणी जवळपास त्याच जागी सापडेल. अष्टमीच्या आसपास भांग असते, पाणी फार चढत-उतरत नाही. होडीतली संवादाची दृश्ये तेव्हा घ्या. ठोकताळा नक्की वेळ देत नाही, खाडीच्या तोंडाशी फरक पडतो, म्हणून भरतीचे छापील कोष्टक आणि गावचा तांडेल (होडीचा प्रमुख) दोघांनाही विचारा.

होडीत प्रत्येकाला लाइफ जॅकेट द्या. अंगरख्याखाली बसेल असे पातळ मिळते. जड लोखंडी बंदूक होडीत नेऊ नका, फोमचीच न्या. पावसाळ्यात समुद्रावरचे काम ठेवूच नका. त्या काळीही पावसाळ्यात किनाऱ्याची आगबोट बंद असे, हे कथेला उपयोगी आहे. जूननंतर कुमक समुद्राने येऊ शकत नाही, ती घाटाने किंवा खाड्या ओलांडत चिखलातून येते. अडकलेले ठाणे हवे असेल तर कथा आषाढात ठेवा आणि आतली दृश्ये घरात घ्या.

परवानग्या कुठल्या? — श्रीवर्धन

स्थानिक पोलीस ठाण्याला लेखी पत्र सर्वांत आधी: तारखा, जागा, गणवेशातल्या नटांची संख्या, नकली बंदुकांची संख्या आणि त्यांचे फोटो. फसवण्याच्या हेतूने सरकारी नोकराचा वेश घालणे भारतीय न्याय संहितेच्या कलम 205 खाली गुन्हा आहे. तुमचा हेतू तसा नसला तरी गणवेशात चहाच्या टपरीवर गेलेला नट गोंधळ उडवू शकतो. चित्रणाच्या जागेबाहेर जाताना वरून शर्ट घालायला लावा. ग्रामपंचायत आणि जेटी असल्यास मेरीटाइम बोर्ड यांनाही पत्र द्या. सिंधुदुर्ग, विजयदुर्ग, जंजिरा, कुलाबा हे किल्ले केंद्रीय पुरातत्त्व खात्याकडे आहेत. तिथे अर्ज कित्येक आठवडे आधी करावा लागतो. सिंधुदुर्ग, विजयदुर्ग, सुवर्णदुर्ग आणि खांदेरी 2025 पासून जागतिक वारसा यादीत आहेत, त्यामुळे आता खिळा ठोकण्याचाही विचार नको. ठाण्यासाठी जांभ्या चिऱ्याचे जुने कौलारू घर पुरते.

1930 च्या चौकटीत चुकून काय येते? — कणकवली

निळी नायलॉनची जाळी आणि फायबरच्या होड्या, सर्वांत आधी. त्या काळची होडी लाकडाची, दोर काथ्याचे, जाळे सुताचे किंवा तागाचे. मालवणी किनाऱ्यावर उलांडीची (बाजूला आधाराचा ओंडका असलेली) होडी मिळाली तर तिला पुढे ठेवा. डोंगरावर सामाजिक वनीकरणातली ऑस्ट्रेलियन अकेशिया दिसते, तीही टाळा. एसटी 1948 ची, कोकण रेल्वे 1998 ची. फलक, रूळ, पूल काहीही नको. रत्नागिरी जिल्ह्यातून सिंधुदुर्ग 1981 मध्ये वेगळा झाला, म्हणून संवादात “सिंधुदुर्ग जिल्हा” येऊ देऊ नका. सावंतवाडी आणि जंजिरा ही तेव्हा संस्थाने होती आणि तेरेखोलच्या पलीकडे पोर्तुगीज. पळणारा शिपाई नदी ओलांडतो तेव्हा तो एका राज्यातून दुसऱ्यात जातो.

ठाण्यातल्या वहीचे जवळून दृश्य असेल तर लिपीकडे पाहा. मुंबई सरकारने 1917 मध्ये सरकारी कामातून मोडी काढायचे ठरवले, पण जुन्या लोकांचा हात मोडीवरच बसलेला होता. म्हणून 1930 ची सरकारी वही बाळबोध (देवनागरी), आणि म्हाताऱ्या पाटलाची खासगी चिठ्ठी मोडी. राजीनामा बोरूने किंवा टाकाने लिहू द्या, आणि दौत खरी शाईची असू द्या. वाळवायला वर टिपकागद दाबला की अक्षर किंचित फिके पडते. बॉलपेनने लिहिलेले तसे पडत नाही, आणि मोठ्या पडद्यावर ते दिसते.